रिंग बघून नेम धरा!

हजारो रुपयांचा स्कोप घेतला, तरी छर्रा भलतीकडेच जातोय? टेन्शन नको! दोष बऱ्याचदा त्या दोन छोट्या कड्यांमध्ये असतो. खिशाला परवडणाऱ्या स्कोप रिंग्ज निवडायचा आणि बसवायचा हा साधासोपा फंडा...

१ ऑगस्ट २०२४ ची दुपार. आमच्या हिंजवडीच्या ऑफिसात त्या दिवशी अर्ध्या मॉनिटरवर एक्सेल आणि उरलेल्या अर्ध्यावर पॅरिस ऑलिम्पिक चालू होतं. कोल्हापूरच्या राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा स्वप्नील कुसाळे ५० मीटर थ्री पोझिशन रायफलच्या फायनलमध्ये होता. ४५१.४ गुण आणि ब्राँझ! १९५२ मध्ये खाशाबा जाधवांनी मिळवलेल्या पदकानंतर मराठी माणसाचं हे पहिलंच वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. त्यातही हा पठ्ठ्या आपल्यासारखाच नोकरदार, तेव्हा रेल्वेत टीसी. मग काय, कँटीनमध्ये चहाबरोबर एकच विषय : बॉस, आपणही नेमबाजी शिकायची का?

शिकायची असेल तर बालेवाडीचं क्रीडा संकुल हिंजवडीपासून हाकेच्या अंतरावर आहे. पण सगळ्यांनाच कोच आणि रेंज जमत नाही. वीकएंडला गावी जायचं, शेतात कागदी टार्गेट लावायचं आणि एअर रायफलने तासभर टिकटिक करायची, एवढंच बऱ्याच जणांचं स्वप्न असतं. त्यात काही वावगं नाही. फक्त रायफल हातात आली की पुढचा प्रश्न हमखास येतो : ‘यावर दुर्बीण बसते का रे?’

बसते. पण ती ज्यावर बसते, त्या कड्यांकडे कुणी बघतच नाही.

दुर्बीण हवीच कशाला?

आधी एक गंमत. स्वप्नीलच्या रायफलवर दुर्बीण नव्हती! ऑलिम्पिकच्या रायफल प्रकारांत भिंगाने मोठं करून दाखवणारी साइट चालतच नाही. तिथे बारीक भोकातून बघायची डायॉप्टर साइट असते. आपल्याकडच्या साध्या एअर रायफलवर मागे खाच आणि पुढे माशी. डोळ्याला खाच, माशी आणि टार्गेट अशा तीन वेगवेगळ्या अंतरांवरच्या गोष्टी एका रेषेत आणायच्या असतात. दिवसाचे नऊ तास स्क्रीनकडे बघणाऱ्या, चष्मा लावणाऱ्या आपल्यासारख्यांची इथेच दांडी गुल होते. स्कोपमध्ये टार्गेट आणि फुलीची खूण एकाच ठिकाणी स्पष्ट दिसते, मग डोळ्याची निम्मी कसरत वाचते.

मात्र घेताना तो एअर रायफलसाठी बनवलेलाच घ्या. एक तर जवळचं, म्हणजे दहा मीटरवरचं, स्पष्ट दिसायला हवं. मोठ्या रायफलींचे बरेचसे स्कोप शंभर यार्डांसाठी सेट केलेले असतात, त्यांतून दहा मीटरवरचा कागद धुरकट दिसतो. दुसरं कारण आहे झटका. स्प्रिंगवाली एअर रायफल एका फायरमध्ये दोनदा झटकते. घोडा दाबला की आतला जड पिस्टन पुढे सुटतो आणि रायफल मागे येते. पिस्टन टोकाला थडकला की रायफल झटकन पुढे जाते. बस एकदम सुटली की उभा असलेला माणूस मागे कलंडतो ना, तसंच रायफल पुढे गेली की वरची दुर्बीण जागीच राहू बघते, म्हणजेच मागे सरकू बघते. तिला धरून ठेवायचं काम कुणाचं? रिंगचं!

शहाद्याची केस

ही सगळी थिअरी मला प्रॅक्टिकलमध्ये भेटली ती नंदुरबार जिल्ह्यात. आमचं मूळ गाव शहादा तालुक्यात. माझा मामेभाऊ तिथेच शेती सांभाळून नोकरी करतो. बंदुकीचं वेड त्याला लागलं ते सारंगखेड्याच्या यात्रेत. दत्तजयंतीला भरणारी ही यात्रा घोडेबाजारासाठी प्रसिद्ध आहे, पण आम्हा पोरांचं लक्ष घोड्यांपेक्षा फुगे फोडायच्या स्टॉलवर जास्त. नळी वाकडी, माशी सैल, तरी दहा पैकी सात फुगे हा गडी फोडायचाच!

मोठेपणी त्याने रीतसर एअर रायफल घेतली आणि काही महिने पैसे साठवून तिच्यावर स्कोप. दोन्ही मिळून त्याच्या महिन्याच्या पगाराच्या वर गेलं. घेतलं ते स्वतःसाठी, पण स्वप्नीलचं पदक झाल्यावर त्याची आठवीतली पोरगी रायफल सोडेना. बाप शेजारी उभा आणि पोरगी गोण्यांवर रायफल टेकवून कागदावर नेम धरतेय, असा रोजचा कार्यक्रम सुरू झाला. पहिले दोन दिवस छर्रे मधोमध. तिसऱ्या दिवशी खाली. मग आणखी खाली, मग डावीकडे. स्क्रू फिरवून फुली जुळवायची आणि दहा छर्ऱ्यांनी पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

मी गेलो तेव्हा बाप-लेकीचे दोन वेगवेगळे निष्कर्ष निघाले होते. भाऊ म्हणाला, ‘दादा, दुर्बीनच खराब शे!’ दुसरी, आणखी महागाची घ्यायच्या तयारीत होता. पोरगी मात्र गप्प. नंतर हळूच म्हणाली, ‘काका, दुर्बीण चांगली आहे. माझाच हात हलतो. मला नाही जमणार ते.’

मला ते दुर्बिणीपेक्षा जास्त लागलं. हात हलत असता तर छर्रे चारी बाजूंना विखुरले असते. हे तर हळूहळू एकाच दिशेने सरकत होते. मी शिसपेन्सिल घेतली आणि मागच्या रिंगला टेकून रायफलवर बारीक रेघ मारली. वीस छर्रे झाले. रेघ आणि रिंग यांच्यात जवळजवळ दोन मिलिमीटरची फट! रिंग मागे सरकत होती आणि दुर्बिणीला घेऊन जात होती.

रिंग उघडली तर आत आणखी मजा. स्कोपची नळी एक इंची आणि रिंग ३० मिलिमीटरची. दुकानदाराने मधली जागा काळ्या इन्सुलेशन टेपने भरून दिलेली. उन्हात टेपचा गोंद वितळून नळी आतल्या आत फिरत होती. दुकानदाराने रिंग फुकट दिली म्हणून भाऊ खूश होता!

पुढच्या फेरीला मी पुण्याहून योग्य मापाचं, एकसंध माउंट घेऊन गेलो. स्कोपच्या किमतीच्या पाचव्या हिश्शात काम झालं. त्याच दुर्बिणीने, त्याच पोरीने गोणीवर टेकून पाच छर्रे मारले. पाचही रुपयाच्या नाण्याखाली झाकले जातील एवढ्या जागेत! तिने कागद काढला, घडी घातली आणि दप्तरात ठेवला. वर्गात दाखवायला.

रिंग घेताना चार मापं

दुकानात जायच्या आधी व्हर्निअर कॅलिपर मिळाला तर उत्तम. नाही तर स्कोपचं आणि रायफलचं माहितीपत्रक तरी सोबत ठेवा.

एक : नळीचा व्यास. स्कोपची मधली नळी बहुतेक वेळा एक इंच (२५.४ मिमी) किंवा ३० मिमी असते. रिंग त्याच मापाची हवी. ‘टेप लावून बसेल’ असं कुणी म्हणालं तर सरळ नमस्कार करून बाहेर पडा.

दोन : रायफलवरची पट्टी. एअर रायफलवर बहुधा डव्हटेल असते, म्हणजे नळीच्या माथ्यावर कोरलेले दोन समांतर खाचे. तिला सरसकट ‘११ मिमी’ म्हणतात, पण प्रत्यक्षात मापं थोडी मागेपुढे असतात, म्हणून रायफल सोबत नेऊन रिंग लावून बघणं सगळ्यात बरं. दुसरा प्रकार आडव्या खाचांच्या रुंद पट्टीचा : वीव्हर किंवा पिकॅटिनी. पिकॅटिनीची खाच ५.२३ मिमी रुंद, वीव्हरची ४.५७ मिमी. त्यामुळे वीव्हरची रिंग पिकॅटिनीवर बहुतेक वेळा बसते, उलटं मात्र बसेलच असं नाही.

तीन : उंची. लो, मीडियम, हाय अशा तीन उंच्या मिळतात. साधा ठोकताळा म्हणजे पुढचं भिंग ३२ मिमीचं असेल तर लो, ४० ला मीडियम, ५० ला हाय. नीट हिशेब करायचा तर पुढच्या भोंग्याचा बाहेरचा व्यास मोजा. समजा तो ४७ मिमी आहे. त्याचं निम्मं २३.५. त्यात ३ मिमी मोकळी जागा धरा. झाले २६.५. पट्टीच्या माथ्यापासून नळीच्या मध्यापर्यंत रिंगची उंची निदान एवढी हवी. पट्टी रायफलच्या अंगापेक्षा वर असेल तर तेवढी वजा करा. इथे एक गोची आहे. काही कंपन्या उंची नळीच्या मध्यापर्यंत मोजतात, काही नळीच्या तळापर्यंत. दुकानदाराला विचारूनच घ्या. आणि गरजेपेक्षा उंच रिंग घेऊ नका. गाल दस्त्यावर टेकत नाही, मान ताणली जाते आणि नेम दर वेळी वेगळा.

चार : पकड. स्प्रिंगवाल्या रायफलसाठी दोन सुट्या रिंगांपेक्षा एकसंध माउंट भरवशाचं, कारण पट्टीवर जास्त लांबीची पकड मिळते. त्यात स्टॉप पिन असेल तर सोन्याहून पिवळं. ही छोटी खुंटी पट्टीवरच्या भोकात उतरते आणि माउंटला मागे सरकू देत नाही. आधी रायफलवर तसं भोक आहे का ते बघा. रिंगच्या टोपीला दोनऐवजी चार स्क्रू असलेले चांगले. हवा भरून चालणाऱ्या पीसीपी रायफलला झटका जवळजवळ नसतो, तिथे साध्या, स्वस्त रिंगाही मजेत चालतात. पैसे तिथे वाचवा, स्प्रिंगवाल्यावर नको.

आणि मटेरियल? मशीनवर कापलेलं ॲल्युमिनियम बजेटमध्ये सहज मिळतं. स्टील मजबूत पण जड. जस्ताच्या ओतीव, खडबडीत रिंगा टाळा. त्यांचे आटे दोन-तीनदा स्क्रू काढला-लावला की जातात. दुकानात रिंगची टोपी काढून आतून बोट फिरवा. खरखर किंवा धार लागली तर ती तुमच्या स्कोपच्या नळीवर ओरखडे काढणार, हे नक्की.

बसवणं : घाई नको, हिशेब हवा

आधी रायफल रिकामी आहे ना, ते दोनदा बघा. मग पट्टी आणि रिंग आतून कोरड्या फडक्याने स्वच्छ पुसा. तेलाचा ओशटपणा हा पकडीचा शत्रू नंबर वन.

खालचा भाग पट्टीवर घट्ट करा. त्यावर दुर्बीण ठेवा, टोपी सैलसर लावा. आता गाल नेहमीसारखा दस्त्यावर ठेवून दुर्बीण पुढे-मागे सरकवा. काळी कड न दिसता पूर्ण गोल चित्र दिसलं, की तीच जागा. डोळा आणि भिंग यांत बहुतेक स्कोपना साधारण ७५ ते १०० मिमी अंतर लागतं.

मग फुली सरळ करायची. यासाठी गवंड्याचा ओळंबा झकास! दोरीला दगड बांधून दहा मीटरवर टांगा, रायफल लेव्हलमध्ये टेकवा आणि उभी रेघ दोरीशी जुळवा. फुली तिरकी राहिली तर जवळ कळत नाही, पण अंतर वाढलं की छर्रा खालीवर होताना बाजूलाही पळतो.

स्क्रू पिळताना गाडीचं चाक आठवा. एक नट पूर्ण आवळून मग दुसरा, असं कुणी करत नाही. कोपऱ्याकोपऱ्याने, थोडं थोडं. टोपीच्या दोन्ही बाजूंची फट सारखी राहायला हवी. कंपनीने आवळायचा जोर दिला असेल तर तोच पाळा. नसेल तर टोपीच्या स्क्रूंना १.७ ते २ न्यूटन मीटर पुरतात. टॉर्क पाना नसेल तर ॲलन कीचा आखूड दांडा फक्त दोन बोटांनी फिरवा. ‘अजून एक पीळ’ हा मोह आवरा, नाही तर नळी चेपते आणि वॉरंटीही हातची जाते.

आता जरा गणित, घाबरू नका. समजा दोन रिंगांत १०० मिमी अंतर आहे आणि एक रिंग दुसरीपेक्षा फक्त ०.१ मिमी वर आहे. म्हणजे दर मीटरला १ मिमी फरक. दहा मीटरवर १० मिमी, पंचवीसवर २५ मिमी! ऑलिम्पिकच्या दहा मीटर टार्गेटवर दहाचा ठिपका अवघा अर्ध्या मिलिमीटरचा असतो आणि पुढची प्रत्येक रेघ अडीच मिलिमीटरवर. म्हणजे १० मिमीच्या चुकीने दहाचा शॉट थेट सातवर येतो. पाव एमओएच्या क्लिकने हे भरून काढायला साधारण चौदा क्लिक लागतात.

याच गणिताचा फायदाही करून घेता येतो. मधोमध मोडून छर्रा भरायच्या रायफलींची नळी बऱ्याचदा किंचित खाली झुकलेली असते. स्क्रू शेवटापर्यंत फिरवूनही छर्रे खालीच लागत असतील, तर मागच्या रिंगच्या तळाशी, नळीखाली, कोल्ड्रिंकच्या कॅनची बारीक पट्टी ठेवा. ती साधारण ०.१ मिमी जाड असते. छर्रा दहा मीटरवर सेंटिमीटरभर वर येईल. एक, फार तर दोन पट्ट्या. जास्त घातल्या तर नळीवर ताण येतो.

शेवटची परीक्षा

रायफल गोणीवर टेकवून दहा मीटरवर पाच छर्रे मारा. एका छर्ऱ्यावर विश्वास ठेवू नका, पाचांच्या मधोमध बघा. मग क्लिक फिरवा, पुन्हा पाच. पन्नास छर्ऱ्यांनंतर सगळे स्क्रू एकदा तपासा. आणि हो, मागच्या रिंगपाशी ती पेन्सिलची रेघ मारायला विसरू नका. फुकटातलं यापेक्षा चांगलं मशीन नाही! रेघ जागेवर आणि तरी छर्रे चारी दिशांना, तर सराव वाढवा. रेघ सुटली, तर पाना घ्या.

हे मस्ट!

• भारतात शस्त्र नियम २०१६ प्रमाणे ४.५ मिमीपर्यंत बोअर आणि २० ज्यूलपर्यंत मझल एनर्जी असलेल्या एअर रायफलला लायसन्स लागत नाही. त्यापुढच्या रायफलला लागतं. लायसन्सवाल्या रायफलवर स्कोप बसवायचं काम गनस्मिथकडेच द्या.

• लायसन्स नाही म्हणजे खेळणं नाही. सोसायटीची गच्ची, बाल्कनी, रस्त्यालगतचं शेत, सगळं बाद. मागे मातीचा जाड बांध हवा, डोळ्यांवर संरक्षक चष्मा हवा. मुलं असतील तर मोठं माणूस हाताच्या अंतरावर.

• पक्षी, ससे, खारी यांच्यावर नेम अजिबात नाही. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ नुसार वन्यजीवांची शिकार हा गुन्हा आहे, मग ती छर्ऱ्याने का असेना. सातपुड्याच्या पायथ्याशी राहणाऱ्यांनी तर हे पाठच करावं. एअरगनमुळे पाखरं संपू लागली म्हणून अरुणाचल प्रदेशात २०२१ मध्ये लोकांनी आपणहून एअरगन परत करायची मोहीमच सुरू झाली.

• छर्रे शिशाचे असतात. खेळून झालं की साबणाने हात धुवा, मगच वडापाव!

बजेट ठरवताना माझा हिशेब असा : स्कोपसाठी जेवढे ठरवलेत, त्यातले पाचव्या हिश्शाचे पैसे आधी बाजूला काढून रिंगसाठी ठेवा. स्कोप एक पायरी खालचा आला तरी चालेल. आणि घरात कुणी नवखं शिकत असेल, तर ‘तुझा हात हलतो’ म्हणायच्या आधी एकदा स्क्रू हलतोय का ते बघा. शहाद्याची आमची नेमबाज आता दुर्बिणीशिवाय, खाच-माशीवर सराव करतेय, कारण पुढे मॅच खेळायची तर तेच लागणार, हे तिला कळलंय. दुर्बीण तिने बापाला परत दिली आहे. तो खूश!